वयाचा आंकडा आणि वयाची गणना

(१)

जुन्या घराण्यांचीं दप्तरें तपासणाऱ्या बहुतेक मंडळींस एक संवय असते. सनदा, महजर, निवाडपत्रें, खतें हीं वेगळीं काढावयाचीं, त्यांच्या नकला करावयाच्या. आणि त्याच रुमालांत गुंडाळून ठेवलेल्या जन्मपत्रिका मात्र ‘ज्योतिषाचे कागद’ म्हणून बाजूस सारावयाच्या. ही संवय माझीहि होती. पण तिच्यामुळें एक महत्त्वाचा पुरावा आपण गमावीत आहों, असें आतां वाटूं लागलें आहे.

मनुष्य कोणत्या वयीं आपल्या मालमत्तेचा धनी होतो, कोणत्या वयीं त्याचा विवाह कायद्यास मान्य होतो, कोणत्या वयीं त्यास कारखान्यांत राबवितां येतें, या प्रश्नांचा विचार करतांना आपलें लक्ष आंकड्याकडे जातें : सात, दहा, बारा, सोळा, अठरा. परंतु तो आंकडा कोठून मोजावयाचा, कोठपर्यंत मोजावयाचा, आणि खरा कशावरून मानावयाचा, हे तीन प्रश्न त्याच्या पाठीशीं उभे असतात. आंकड्याइतकीच, किंबहुना काकणभर अधिक, ही गणनाच निर्णायक ठरत आली आहे, एवढेंच दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

(२)

प्रथम धर्मशास्त्र पाहूं. नारदस्मृतींत आठव्या वर्षापर्यंतचें मूल गर्भस्थासारखें मानिलें आहे. त्यापुढें सोळाव्या वर्षापर्यंत तो बाल किंवा पोगंड. त्यानंतर तो व्यवहार जाणणारा आणि, आईबाप हयात नसल्यास, स्वतंत्र. मनूनें मात्र आठव्या अध्यायांत आंकडाच दिलेला नाहीं. बालकाच्या वांट्यास आलेलें धन राजानें कोठवर सांभाळावें, तर तो गुरुगृहाहून परत येईपर्यंत किंवा त्याचें शैशव सरेपर्यंत, एवढेंच तो सांगतो. म्हणजे एकाच्या दृष्टीनें सज्ञानता ही वर्षांची गोष्ट, दुसऱ्याच्या दृष्टीनें ती एका अवस्थेची समाप्ति.

येथें एक गोष्ट ध्यानांत धरली पाहिजे. हीं वचनें मुख्यतः धनरक्षणाच्या व व्यवहाराच्या प्रकरणांतलीं आहेत. विवाहाच्या वयाचीं वचनें निराळ्या ठिकाणीं आणि निराळ्या हेतूनें आलीं आहेत. मनु नवव्या अध्यायांत तीस वर्षांच्या वरास बारा वर्षांची आणि चोवीस वर्षांच्या वरास आठ वर्षांची वधू सांगतो. पण त्याच अध्यायांत, गुणहीन वरास देण्यापेक्षां कन्या आमरण बापाच्या घरीं राहिली तरी चालेल, असेंहि म्हणतो. वैद्यकाचें प्रमाण तिसरेंच. सुश्रुताच्या शारीरस्थानांत पंचवीस वर्षांच्या पुरुषास बारा वर्षांची पत्नी सांगितली आहे, आणि लागलीच, सोळा वर्षांच्या आंतील स्त्रीच्या ठिकाणीं पंचविशी न गाठलेल्या पुरुषापासून राहिलेला गर्भ टिकत नाहीं, अशी सूचनाहि दिली आहे. विवाहाचें वय एक आणि मातृत्वाचें वय दुसरें, हा भेद जुन्या वैद्यांस पुरता ठाऊक होता.

(३)

आतां गणनेकडे वळूं. आपल्याकडे वय मोजण्याच्या कमींत कमी तीन वाटा होत्या. पहिली गर्भापासून. उपनयनासाठीं ब्राह्मणास सांगितलेलें आठवें वर्ष मनूच्या मतें गर्भापासूनचें आहे. जन्मापासून मोजल्यास तें सातवें होतें. दुसरी वर्तमान वर्षाची, म्हणजे चालू वर्ष धरण्याची. तिसरी गत वर्षाची, म्हणजे पूर्ण झालेलींच वर्षे धरण्याची. शकवर्षांच्या बाबतींत गत व वर्तमान यांचा घोळ संशोधकांस परिचित आहे. वयाच्या बाबतींतहि तोच घोळ आहे. ‘आठव्या वर्षीं’ आणि ‘आठ वर्षांचा असतां’ या दोन बोलण्यांत एका वर्षाचें अंतर पडतें.

आणि याच्या जोडीला व्याकरणाची एक गांठ आहे. ‘सोळाव्यापर्यंत’ हा अर्थ संस्कृतांत ‘आङ्’ या निपातानें दाखवितात. पाणिनीय परंपरेंत या निपाताचे दोन अर्थ सांगितले आहेत : मर्यादा आणि अभिविधि. मर्यादा म्हणजे ती सीमा वगळून. अभिविधि म्हणजे ती सीमा धरून. पहिला अर्थ घेतला तर सोळावें वर्ष लागतांच बाल्य संपतें, म्हणजे पंधरा वर्षे पूर्ण होतांच. दुसरा घेतला तर सोळावें वर्ष सरावें लागतें. वंगदेशांतील दायभाग संप्रदायानें पंधरा पूर्ण होतांच सज्ञानता मानली. मिताक्षरेच्या संप्रदायांत सोळा वर्षे पूर्ण व्हावीं लागत. या मतभेदाचें बीज त्या एका ‘आ’कारांतच आहे, असें मला दिसतें. ज्या पोरक्या मुलाची मिळकत चुलत्याच्या ताब्यांत होती, त्यास हा ‘आ’कार पुरें एक वर्ष महाग किंवा स्वस्त पडत असला पाहिजे.

(४)

राजकारणांत या मर्यादा कितपत पाळल्या जात, हें पाहण्यास पेशवाईचे दोन दाखले पुरे आहेत. थोरले माधवराव १७४५ च्या फेब्रुवारींत जन्मले व १७६१ त, नानासाहेबांच्या निधनानंतर, पेशवे झाले. तेव्हां त्यांचीं सोळा वर्षे पूर्ण होऊन सतरावें चालू होतें. म्हणजे आङ् निपाताचा कोणताहि अर्थ घ्या, शास्त्रतः ते सज्ञान होते. तरीहि आरंभीं कारभाराचीं सूत्रें चुलते रघुनाथराव यांजकडे होतीं आणि तीं हातीं घेण्यास तरुण पेशव्यास झगडावें लागलें.

सवाई माधवरावांचा दाखला याच्या उलट टोंकाचा आहे. १८ एप्रिल १७७४ रोजीं पुरंदरावर त्यांचा जन्म झाला आणि चाळिसाव्या दिवशीं त्यांस पेशवाईचीं वस्त्रें मिळालीं. १७७६ चा पुरंदरचा तह झाला तेव्हां धनी दोन वर्षांचाहि नव्हता. १७८२ चा सालबाईचा तह झाला तेव्हां तो आठ वर्षांचा होता. फेब्रुवारी १७८३ मध्यें त्यांचें लग्न झालें. त्या वेळीं त्यांचीं आठ वर्षे पूर्ण होऊन नववें चालू होतें. म्हणून कोणी आठव्या व कोणी नवव्या वर्षीं लग्न झालें असें लिहिल्यास दोहोंपैकीं एकानें गत आणि दुसऱ्यानें वर्तमान वर्ष धरलें, एवढाच अर्थ घ्यावा, चूक शोधूं नये. ऑक्टोबर १७९५ त ते वारले तेव्हां एकवीस वर्षे पूर्ण झालीं होतीं. तरीहि दौलतीचा कारभार शेवटपर्यंत नाना फडणिसांच्याच हातीं होता.

यांतून निष्पन्न काय होतें? शिक्का चालविण्यास वय लागत नसे. शिक्का आपल्या मर्जीनें चालविण्यास मात्र वयहि पुरत नसे. सरकारी कागदावर कोणाचें नांव आहे यावरून त्याच्या कर्तृत्वाचें अनुमान करणाऱ्यांनीं हें विसरूं नये.

(५)

इंग्रजी अमदानींत कायद्यानें आंकडे ठरविण्यास सुरुवात केली. पण ते एका विचारानें ठरविले नाहींत. १८६० च्या दंडसंहितेनें सात वर्षांखालील मुलाचें कोणतेंहि कृत्य गुन्हा नव्हे असें म्हटलें. सात ते बारा या वयांत समज किती आली आहे हें पाहावयाचें. आणि पत्नीशीं समागम करण्यास तिचें वय दहा पुरे मानलें. मुंबई इलाख्यांतील अज्ञानांच्या मिळकतीच्या व्यवस्थेसाठीं १८६४ सालीं झालेल्या कायद्यानें अज्ञानत्व अठराव्या वर्षापर्यंत नेलें. पुढें १८७५ च्या सज्ञानतेच्या कायद्यानें अठरा हा आंकडा सामान्य केला. न्यायालयानें पालक नेमला असल्यास किंवा मिळकत कोर्ट ऑफ वॉर्ड्‌सकडे असल्यास एकवीस. हा एकविसाचा अपवाद १९९९ सालीं काढून टाकण्यांत आला.

परंतु १८७५ च्या या कायद्याचें खरें मर्म त्याच्या अपवादांत आहे. विवाह, मेहेर, घटस्फोट आणि दत्तक या गोष्टी त्यानें आपल्या कक्षेबाहेर ठेवल्या. म्हणजे अठरा वर्षांखालील मनुष्यास आपली एक गाय विकतां येत नसे, पण त्याचा विवाह मात्र यथाशास्त्र व पक्का. रखमाबाईंचा प्रसिद्ध खटला या दृष्टीनें वाचावा. अकराव्या वर्षीं त्यांचें लग्न लागलें. १८८४ सालीं पतीनें नांदावयास येण्याविषयीं मुंबईच्या हायकोर्टांत दावा लावला. १८८५ त न्यायमूर्ति पिन्ही यांनीं तो फेटाळला. अपिलांत तो पुन्हा उभा राहिला, आणि मार्च १८८७ मध्यें न्यायमूर्ति फॅरन यांनीं नांदावयास जा, नाहींतर सहा महिने कैद भोगा, असा हुकूम केला. १८८८ त दोन हजार रुपयांवर तडजोड झाली म्हणून कैद टळली. पुढें रखमाबाई विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या आणि त्यांनीं सुरतेस व राजकोटास दीर्घकाळ रुग्णसेवा केली. अकराव्या वर्षीं मी संमति दिली नव्हती, हा त्यांचा मुद्दा साध्या माणसास पटेल; पण विवाहापुरतें वय विचारणारा कायदाच तेव्हां नव्हता.

(६)

१८९१ हें वर्ष या इतिहासांत विशेष आहे. आदल्या वर्षीं कलकत्त्यास फुलमणि दासी ही बालिका पतीच्या समागमानें मरण पावली. तिचें वय दहाच्या वर असल्यामुळें पतीवर मोठा आरोप शाबीत होऊं शकला नाहीं. त्यास एक वर्षाची सक्तमजुरी झाली. त्यानंतर जानेवारी १८९१ त सर अँड्र्यू स्कोबल यांनीं संमतिवयाचें बिल मांडलें व तें १९ मार्च रोजीं पास होऊन दहाचे बारा झाले. हा त्या वर्षाचा दहावा कायदा. त्याच वर्षाचा अकरावा कायदा कारखान्यांचा आहे. १८८१ च्या कायद्यानें सात वर्षांखालील मुलांस गिरणींत मनाई केली होती. या नव्या कायद्यानें ती मर्यादा नऊ केली, आणि नऊ ते चौदा वर्षांच्या मुलांस दिवसाचे सात तास ठरविले. मुंबईच्या गिरणीकामगारांचीं गाऱ्हाणीं नारायण मेघाजी लोखंडे यांनीं १८८४ पासून मांडिलीं होतीं, त्यांचेंहि थोडें फळ यांत होतें. हे दोन कायदे शेजारीं ठेवून वाचले म्हणजे असें दिसतें कीं, एकाच मुलीस नवव्या वर्षानंतर गिरणींत जातां येई, बाराव्यानंतर ती कायद्यानें पतीच्या स्वाधीन होई, आणि स्वतःच्या नांवाचें खत करण्यास मात्र तिला अठरा वर्षे थांबावें लागे.

दहाव्या कायद्यावर पुण्यांत जो वाद झाला तो आपल्या विषयास जवळचा आहे, कारण तो पुष्कळ अंशीं ग्रंथांच्या अर्थाचा वाद होता. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनीं विवाहवयावरील आपल्या टिपणांत गृह्यसूत्रांतील चतुर्थीकर्माकडे लक्ष वेधलें : विवाहानंतर तीन रात्रींच्या ब्रह्मचर्यानंतर समागम सांगितला असेल, तर सूत्रकाळीं वधू प्रौढच असली पाहिजे; आणि गर्भाधान लांबविल्यानें महापातक घडत नाहीं. लोकमान्य टिळकांचा रोंख निराळा होता : प्रथम ऋतूचें गर्भाधान हा संस्कार आहे आणि परक्या सरकारनें त्यांत कायद्यानें हात घालूं नये. परंतु याच टिळकांनीं १८९० सालीं सुधारकांपुढें जीं कलमें ठेविलीं, त्यांत मुलीचें लग्न सोळाच्या आंत व मुलाचें विसाच्या आंत करूं नये असें होतें. सरकार बारा मागत होतें, आणि त्याचा विरोधक आपखुषीनें सोळा द्यावयास सांगत होता. तेव्हां आंकड्याविषयीं उभय पक्षांत वाटतें तेवढें अंतर नव्हतें. आंकडा कोणी ठरवावा, याविषयीं होतें.

संग्राहकांसाठीं येथें एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. कौटिल्याच्या अर्थशास्त्रांत, धर्मस्थीय अधिकरणांतील विवाहप्रकरणीं, स्त्री बारा वर्षांची व पुरुष सोळा वर्षांचा झाला म्हणजे व्यवहारास प्राप्त होतो असें स्पष्ट म्हटलें आहे. बारा! नेमका १८९१ चाच आंकडा. पण भांडारकर व टिळक दोघांच्याहि हातीं तो ग्रंथ नव्हता. म्हैसूरच्या ग्रंथसंग्रहांतील ताडपत्रावरून शामशास्त्री यांनीं तो १९०९ सालीं छापला. पोथी अठरा वर्षे आधीं उजेडांत आली असती तर वाद मिटला असता असें मी म्हणत नाहीं, कारण तें वचन दोन्ही पक्षांनीं आपापल्या बाजूस ओढलें असतें. परंतु एक पोथी अंधारांत राहिल्यानें दोन थोर पंडितांस अपुऱ्या साधनांवर भांडावें लागलें, एवढें खरें.

(७)

पुढचा क्रम थोडक्यांत देतों. बडोद्यास सयाजीराव महाराजांनीं १९०४ सालीं कायदा करून मुलींस बारा व मुलांस सोळा ही विवाहाची मर्यादा घातली. ब्रिटिश हद्दींत हरविलास सारडा यांचें बिल आलें. सर मोरोपंत जोशी यांच्या अध्यक्षतेखालील समितीनें देशभर साक्षी घेतल्या. आणि १९२९ च्या कायद्यानें चौदा व अठरा हे आंकडे ठरले. तो १ एप्रिल १९३० पासून लागू व्हावयाचा होता; म्हणून त्या तारखेपूर्वीं लग्नांची एकच झुंबड उडाली. १९४९ त मुलींचे पंधरा झाले, १९७८ त मुलींचे अठरा व मुलांचे एकवीस झाले, आणि २००६ च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्यानें तेच कायम ठेविले. मुलींचेंहि वय एकवीस करण्याचें बिल २०२१ सालीं लोकसभेंत आलें होतें. ती लोकसभा विसर्जित होतांच तें रद्द झालें. कारखान्याचें किमान वय १९२२ त बारा व १९४८ त चौदा झालें. संविधानाच्या २४ व्या अनुच्छेदानेंहि चौदाच सांगितले आहेत. मतदानाचें वय १९८९ त एकविसावरून अठरावर आलें.

गणनेचा प्रश्न मात्र १८७५ च्या कायद्यानेंच सोडविला. जन्माचा दिवस पुरा धरावा, आणि अठरावी वर्षगांठ उजाडतांच मनुष्य सज्ञान समजावा, असें त्यांत आहे. मर्यादा कीं अभिविधि, गत कीं वर्तमान, या जुन्या गांठी एका कलमानें सुटल्या. पण तिसरा प्रश्न, तो जन्मदिवस खरा कशावरून, हा तसाच राहिला. १८९१ त बिलाच्या विरोधकांनीं हाच विचारला होता आणि त्यांस पुरें उत्तर मिळालें नव्हतें.

(८)

या ठिकाणीं एक स्वानुभव सांगणें भाग आहे. १९८५ च्या मे महिन्यांत, मी एका खेड्यांतील शाळेंत नवा असतां, एक गृहस्थ आपल्या वृद्ध मातेसह आले. त्यांची मुलगी नववी उतरली होती. लग्न ठरलें होतें. मुलीचीं अठरा वर्षे पूर्ण झाल्याचा दाखला हवा होता. त्यांनीं बरोबर पत्रिका आणली होती. कागद जुना दिसावा अशी खटपट केलेली होती. पण जुन्या पंचांगाशीं ताडून पाहतां तिथि आणि वार यांचा मेळ बसेना. मीं ती परत केली आणि शाळेचें नोंदणीपुस्तक काढलें. त्यांत १ जून १९६७ अशी तारीख होती. त्या पानावर पुष्कळ मुलांचा जन्म एक जूनचाच होता. ज्या मुलाची तारीख कोणी सांगेना, त्यास पूर्वींचे गुरुजी शाळेच्या सोयीनें ती देत.

म्हातारीस मीं सहज विचारलें. ती म्हणाली, “कोयनेचा भूकंप झाला, त्याच्यावर जो पाडवा आला त्या पाडव्याची पोर. अठरावं लागलंय की तिला.” भूकंप डिसेंबर १९६७ चा, म्हणजे जन्म १९६८ च्या पाडव्याचा. सतरा पूर्ण, अठरावें चालू. आजीचें गणित वर्तमान वर्षाचें होतें आणि तें अगदीं बरोबर होतें. कायद्याचें गत वर्षाचें होतें.

मीं दाखला दिला तो पुस्तकांतल्या तारखेचा. त्याप्रमाणें मुलगी येत्या १ जूनला अठरा वर्षांची होत होती. मंडळी जूनच्या मुहूर्तावर गेली. माझ्यापुढें तीन पुरावे होते : पत्रिका खोटी, पुस्तक अंदाजाचें, आणि आजीची आठवण खरी. कायद्यास मान्य होणारा त्यांपैकीं दुसरा, आणि तो माझ्या ताब्यांत होता. मी नियमाप्रमाणें वागलों आणि गप्प राहिलों. जूनमध्यें दहावीचा वर्ग भरला तेव्हां ती मुलगी त्यांत नव्हती. त्यानंतर कित्येक वर्षे नव्या मुलाची नोंद करतांना मीं घरांतल्या वडील माणसास बोलावून सण, पीक, पूर, भूकंप असें विचारल्यावांचून तारीख घातली नाहीं. पण तें त्या मुलीच्या उपयोगाचें नव्हतें.

आज २०१५ च्या बालन्याय कायद्यांत वयाच्या पुराव्यांत शाळेचा दाखला व शालांत परीक्षेचें प्रमाणपत्र यांस पहिलें स्थान आहे, जन्मनोंदणीच्या दाखल्यास दुसरें, आणि हीं नसल्यास हाडांच्या वैद्यकीय तपासणीस तिसरें. जन्माची नोंद १९६९ च्या कायद्यानें देशभर सक्तीची झाली. आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून वा त्यानंतर जन्मलेल्यांस शाळाप्रवेशापासून मतदारयादीपर्यंत जन्मदाखलाच प्रमाण ठरला आहे. म्हणजे एक जूनचा काळ सरत आला. पण त्या काळीं नोंदलेलीं माणसें अद्यापि हयात आहेत, आणि त्यांचीं वयें पुढील संशोधकांस त्याच पुस्तकांतून घ्यावीं लागतील.

(९)

संग्राहकबंधूंस तीन विनंत्या करून हा लेख पुरा करतों. पहिली, दप्तरांतील जन्मपत्रिका टाकूं नयेत. शक, संवत्सर, तिथि, वार, नक्षत्र यांचा परस्परांशीं मेळ घालतां येतो, म्हणून खरी पत्रिका आपली साक्ष आपणच देते आणि खोटी आपणच उघडी पडते. शाळेच्या किंवा गांवच्या पुस्तकांत हा गुण नाहीं. दुसरी, कागदांतील वयाचा आंकडा उतरून घेतांना ‘वर्षीं’, ‘वर्षांचा’, ‘लागलें’, ‘सरलें’ हे शब्द जसेच्या तसे उतरावे, त्यांचा केवळ अंक करूं नये. तिसरी, ज्या कागदांत कोणी अज्ञान म्हणून दुसरा त्याच्या वतीनें सही करतो, तेथें त्या अज्ञानाची पत्रिका त्याच रुमालांत आहे काय हें आवर्जून पाहावें. सोळावें लागलें कीं सरलें, यावर कोणाचें घर, कोणाचें शेत, आणि कोणाचें सबंध आयुष्य अवलंबून होतें.